रुमालातले पाच डॉलर

माझे वडील प्राथमिक शाळेत मास्तर होते. पगार बेताचा आणि घरात खाणारी तोंडं सात. पण महिनाअखेरीला डब्यात डाळ नसली तरी शेजारी वाटी घेऊन जायचं नाही, असा त्यांचा दंडक होता. ‘ज्यानं हात पसरला, त्याची मान खाली गेली,’ असं ते म्हणायचे. आम्हा भावंडांच्या मनावर हे वाक्य असं काही कोरलं गेलं की पुढे मी एका महिला महाविद्यालयाची प्राचार्य झाले, तरी ते पुसलं गेलं नाही. त्याची किंमत मात्र मी मोजली नाही. ती एका मुलीनं मोजली.

आमचं महाविद्यालय विदर्भातल्या एका तालुक्याच्या गावी. संस्था लहान, मुली आसपासच्या खेड्यांतून एस.टी.नं येणाऱ्या. शेवटची गाडी संध्याकाळी साडेपाचला सुटायची. विज्ञान शाखेच्या मुलींची प्रॅक्टिकल्स त्याच सुमाराला संपत. गाडी चुकली की मुलगी रडवेली होऊन स्टँडवर उभी. वसतिगृहाची गरज सगळ्यांनाच दिसत होती. संस्थेकडे जागा होती, बारा खोल्यांचा नकाशाही तयार होता. पैसा तेवढा नव्हता. तो लोकवर्गणीतून उभा करायचा, असं १९९६ साली ठरलं.

संस्थेच्या खजिनदारांना सारे अण्णा म्हणत. ते एके दिवशी पावतीपुस्तक घेऊन माझ्या खोलीत आले.

‘मॅडम, उद्या कापडबाजारात जाऊ. तुम्ही बरोबर असलात तर शेठजी नाही म्हणणार नाहीत.’

मी म्हटलं, ‘अण्णा, माझं काम कॉलेज चालवण्याचं. वर्गणी मागत दुकानं फिरणं प्राचार्यांना शोभत नाही. मी लेटरहेडवर पत्र देते.’

अण्णा काही बोलले नाहीत. पत्र घेऊन गेले. शेठजींनी पाचशे एक रुपये दिले. पावतीपुस्तकाची एक रीत असते. पहिल्या पानावरचा आकडा पाहून पुढचा माणूस आपला आकडा ठरवतो. शेठजींचे पाचशे एक, म्हणून दुसऱ्याचे दोनशे एक आणि तिसऱ्याचे एक्कावन्न. वर्षभरात नकाशा कपाटात गेला, तो गेलाच.

त्याच वर्षी बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्गात एक मुलगी होती. गणितात अशी की शिकवणाऱ्यांनी फळ्यावर केलेली चूक ती हळूच उभी राहून दाखवायची. थंडीच्या दिवसांत एकदा तिची गाडी चुकली आणि कुणाच्या तरी ट्रॅक्टरवरून ती रात्री नऊला घरी पोचली. दुसऱ्या दिवशी तिचे वडील मला भेटायला आले. टोपी हातात घेऊन उभेच राहिले. म्हणाले, ‘मॅडम, राहाची सोय करून द्या, पोरीले शिकवतो मी. नसन होत, त माहा नाईलाज हाय.’

सोय नव्हती. मे महिन्यात तिचं लग्न झालं.

माझी पुढची वर्षं नेमानं गेली. निवृत्तीच्या दिवशी शाल, श्रीफळ मिळालं, भाषणं झाली. प्रत्येकानं माझ्या स्वाभिमानाचं कौतुक केलं. ते ऐकताना मला दर वेळी टोपी हातात घेतलेला तो माणूस आठवत होता.

यजमान गेल्यानंतर, २०२३ साली, लेकीच्या आग्रहावरून मी तिच्याकडे अमेरिकेला गेले. ती फ्लोरिडात ऑरलँडोला असते. महिनाभर मोठमोठी दुकानं आणि करमणुकीच्या जागा पाहून मी कंटाळले. एका शनिवारी ती म्हणाली, ‘आई, चल, आज तुला तुझ्यासारख्या एका प्रिन्सिपॉलबाईंचं घर दाखवते.’

तासाभराच्या अंतरावर डेटोना बीच नावाचं समुद्रकाठचं शहर आहे. मोटारींच्या शर्यतींसाठी ते प्रसिद्ध. आम्ही शर्यतींच्या मैदानाकडे न जाता एका विद्यापीठाच्या आवारात शिरलो. तिथे पांढऱ्या रंगाचं एक दुमजली लाकडी घर आहे. शेजारीच घरमालकिणीची समाधी. मेरी मॅक्लिओड बेथ्यून हे तिचं नाव. खरं सांगते, तोवर मी ते कधी ऐकलं नव्हतं.

मेरीचा जन्म १० जुलै १८७५चा, साउथ कॅरोलिना राज्यातल्या मेझव्हिल गावचा. आईवडील दोघेही गुलामगिरीतून सुटलेले. सतरा भावंडांत मेरी पंधरावी. लहानपणी आईबरोबर ती एका गोऱ्या कुटुंबाच्या घरी गेली होती. तिथे दिसलेलं पुस्तक तिनं हातात घेतलं, तर त्या घरातली मुलगी म्हणाली, खाली ठेव ते, तुला कुठे वाचता येतं! हा प्रसंग मेरी आयुष्यभर सांगत असे. कृष्णवर्णीय मुलांसाठी मिशनची शाळा निघाली, तेव्हा ती मैलोन् मैल चालत तिथे जाऊ लागली. दिवसा शिकलेलं रात्री घरच्यांना शिकवायचं. पुढे कोलोरॅडोतल्या एका अनोळखी बाईंनी दिलेल्या शिष्यवृत्तीवर ती नॉर्थ कॅरोलिनात शिकली. शिकागोला धर्मप्रचारकाचं शिक्षण घेतलं. तिला आफ्रिकेत जाऊन काम करायचं होतं, पण कृष्णवर्णीय प्रचारकांसाठी तिथे जागा नाही, असं उत्तर मिळालं. मग तिनं ठरवलं की आपली आफ्रिका इथेच आहे.

३ ऑक्टोबर १९०४ रोजी तिनं डेटोनात कृष्णवर्णीय मुलींसाठी शाळा काढली. जवळ भांडवल दीड डॉलर. भाड्याचं लहानसं घर, पाच विद्यार्थिनी आणि तिचा स्वतःचा पाच वर्षांचा मुलगा. टाकून दिलेल्या खोक्यांची बाकं केली. जळक्या लाकडाच्या काटक्या म्हणजे पेन्सिली, बोरासारखी जंगली फळं कुस्करून शाई. श्रीमंत प्रवाशांच्या हॉटेलांमागच्या कचऱ्यातून ती मोडक्या खुर्च्या आणि तडा गेलेल्या बशा उचलून आणायची. मुली ते सारं घासूनपुसून, दुरुस्त करून वापरात आणत.

शाळा वाढली तेव्हा जागा हवी झाली. गावाच्या कचरा टाकण्याच्या जागेलगतचा एक पडीक तुकडा तिनं पसंत केला. मालकानं विसार म्हणून पाच डॉलर मागितले. तिच्याजवळ तेवढेही नव्हते, पण तिनं ते त्याला कळू दिलं नाही. पुढचे काही दिवस रताळ्याचे पाय आणि आइस्क्रीम करून बांधकामावरच्या मजुरांना विकलं. पाय म्हणजे उकडलेल्या रताळ्याचा गोड गर कणकेच्या पारीत भरून भट्टीत भाजायचा. आपल्या पुरणपोळीचंच एक दूरचं नातं म्हणा. त्या विक्रीतून पाच डॉलर जमले. सगळी चिल्लर रुमालात बांधून तिनं मालकाच्या हातावर ठेवली.

लेक मला हे सांगत होती आणि माझ्या डोळ्यांपुढे आमच्या कॉलेजचं लेटरहेड आलं. जाड कागद, वर बोधचिन्ह, खाली माझी सही आणि शिक्का.

अमेरिकेत कॉलेजच्या प्रमुखाला प्रेसिडेंट म्हणतात. आपल्या प्राचार्यांपेक्षा ते काम थोडं वेगळं. शिक्षणाची बाजू तर पाहायचीच, शिवाय संस्थेसाठी पैसा उभा करणं हाही त्या पदाचा मोठा भाग असतो. आपल्याकडे बहुतेक ठिकाणी प्राचार्य वेगळे आणि संस्थाचालक वेगळे, म्हणून आपण एकमेकांकडे बोट दाखवून मोकळे होतो. मेरीबाईंकडे बोट दाखवायला दुसरं कुणी नव्हतंच. त्या मोडक्या सायकलवरून धुळीचे रस्ते तुडवत चर्च, क्लब आणि बंगले पालथे घालत. नकार मिळाला तर वेळ दिल्याबद्दल आभार मानायचे आणि मनाला कितीही लागलं तरी हसून बाहेर पडायचं, असं त्यांनी स्वतःच लिहून ठेवलं आहे.

जेम्स गॅम्बल हे साबणाच्या बड्या कंपनीच्या मालक घराण्यातले. हिवाळ्यात ते डेटोनाला येऊन राहत. मेरीबाईंनी त्यांना शाळेचे विश्वस्त व्हायची विनंती केली. त्यांनी विचारलं, शाळा आहे तरी कुठे? बाईंनी सांगितलं की ती अजून माझ्या मनात आहे. गॅम्बल विश्वस्त झाले. शिवणयंत्रांचे कारखानदार थॉमस व्हाइट यांनीही सढळ हातानं मदत केली. १९०७ साली शाळेची पहिली मोठी इमारत उभी राहिली. तिला नाव दिलं ‘फेथ हॉल’, म्हणजे श्रद्धा भवन.

हे सगळं ऐकूनही माझ्यातली मास्तरांची मुलगी कुरकुरत होतीच. मी लेकीला म्हटलं, ‘अगं, पण श्रीमंतांपुढे इतकं हांजी हांजी करायचं म्हणजे माणूस मिंधं होत नाही का?’

ती म्हणाली, ‘आई, पुढचं ऐक.’

त्या काळी अमेरिकेच्या दक्षिणेत गोऱ्यांनी पुढे बसायचं आणि कृष्णवर्णीयांनी मागे, असा शिरस्ता होता. रविवारी मेरीबाईंच्या शाळेत मुलींचं गाणं ऐकायला गोरे पाहुणे येत. तिथे राखीव जागा नव्हत्या. देणगीदार असो की शेतमजूर, मिळेल तिथे शेजारी शेजारी बसायचं. एकदा एका विद्यार्थिनीच्या पोटात असह्य कळा आल्या. अपेंडिक्स. गोऱ्यांच्या रुग्णालयानं कशीबशी दाखल करून घेतली. बाई भेटायला गेल्या, तर पोर मागच्या पडवीत, स्वयंपाकघराजवळ निजवलेली. बाईंनी १९११ साली शाळेतर्फे स्वतःचंच रुग्णालय काढलं.

आणि १९२० सालची ती रात्र. कृष्णवर्णीय स्त्री-पुरुषांना मतदान करता यावं म्हणून बाई रात्रीचे वर्ग चालवत होत्या, मतदानाच्या कराचे पैसे जमवत होत्या. निवडणुकीच्या तोंडावर कु क्लक्स क्लॅनचे लोक पांढरे बुरखे घालून मशाली घेऊन शाळेच्या आवारात शिरले. वसतिगृहात मुली होत्या. बाईंनी दिवे विझवले नाहीत, उलट सगळे लावायला सांगितले. मुलींनी भजनं सुरू केली. आलेले लोक आले तसे निघून गेले. मतदानाच्या दिवशी बाई आपल्या माणसांना घेऊन रांगेत उभ्या राहिल्या.

मी गप्प झाले. हात पसरणारी ही बाई, पण मान कुठेच खाली गेलेली दिसेना. माझ्या वडिलांचं वाक्य चुकीचं नव्हतं, पण अर्धं होतं. स्वतःच्या वाटीसाठी हात पसरणं वेगळं आणि दुसऱ्याच्या पोरीसाठी पसरणं वेगळं. दुसऱ्या वेळी मान खाली जाण्याचं कारणच काय? ती ताठच राहते, कारण त्या पैशातला एकही तुमचा नसतो.

पुढची हकिगत मोठी आहे. १९२३ साली ही शाळा आणि जॅक्सनव्हिलची कुकमन इन्स्टिट्यूट एकत्र झाल्या आणि पुढे तिचं कॉलेज झालं. १९४१ला तिथे चार वर्षांचा पदवी अभ्यासक्रम सुरू झाला. २००७ साली ते विद्यापीठ झालं. बाईंनी १९३५मध्ये न्यूयॉर्कला कृष्णवर्णीय महिलांची राष्ट्रीय परिषद स्थापन केली आणि १९४९पर्यंत तिचं अध्यक्षपद सांभाळलं. रूझवेल्ट यांच्या राजवटीत तरुणांच्या रोजगाराच्या सरकारी योजनेत त्या वरच्या हुद्द्यावर होत्या. परिषदेला वॉशिंग्टनमध्ये घर घ्यायचं होतं, तेव्हाही मागायला त्याच. उद्योगपती मार्शल फील्ड यांनी दहा हजार डॉलर दिले. १९४५ साली सॅन फ्रान्सिस्कोला संयुक्त राष्ट्रांची पायाभरणी झाली, त्या परिषदेलाही त्या सल्लागार म्हणून हजर होत्या.

मला जास्त भिडलं ते वेगळंच. वॉशिंग्टन आणि डेटोना अशी ओढाताण, त्यात दम्यानं बेजार. अखेर १९४२ साली त्यांनी कॉलेजचं अध्यक्षपद सोडलं. १९४६मध्ये पुन्हा वर्षभरासाठी ते घ्यावं लागलं आणि १९४७ला नव्या माणसाच्या हाती ते सोपवलं. स्वतःच्या हातांनी घासून वापरात आणलेल्या खुर्च्यांपासून उभी केलेली संस्था सोडताना काय वाटलं असेल! राहतं घरही त्यांनी १९५३ साली एका प्रतिष्ठानाला देऊन टाकलं. १८ मे १९५५ला त्या गेल्या. जाण्यापूर्वी त्यांनी आपल्या समाजासाठी एक मृत्युपत्र लिहिलं होतं. त्यात जमीन नाही की दागिने नाहीत. प्रेम, आशा, एकमेकांवरचा विश्वास, ज्ञानाची तहान आणि तरुणांविषयीची जबाबदारी, असा वारसा त्यांनी लिहून ठेवला.

मी गेले त्याच्या आदल्या वर्षी, जुलै २०२२मध्ये, वॉशिंग्टनच्या संसद भवनात फ्लोरिडा राज्याच्या वतीनं त्यांचा संगमरवरी पुतळा बसवला गेला. पूर्वी त्या जागी गुलामगिरीच्या बाजूनं लढलेल्या एका सेनापतीचा पुतळा होता.

परतीच्या वाटेवर लेक गाडी चालवत होती. मी म्हटलं, ‘आपल्याकडे हे नवीन आहे का गं? महर्षी कर्वे सत्तरी ओलांडल्यावर, १९२९ साली, महिला विद्यापीठासाठी परदेशी गेले. अमेरिकेतही फिरले. कर्मवीर भाऊरावांच्या लक्ष्मीबाईंनी वसतिगृहातल्या मुलांना जेवू घालण्यासाठी मंगळसूत्र मोडलं. दर वर्षी जयंतीला मीच तर ही भाषणं द्यायची.’

‘मग?’ तिनं विचारलं.

‘मग काही नाही. भाषण संपलं की मी आपल्या खुर्चीत जाऊन बसायची.’

जानेवारी २०२४मध्ये मी गावी परतले. आठवडाभरानं कॉलेजात गेले. आताच्या प्राचार्य माझीच विद्यार्थिनी. तिला म्हटलं, ‘कपाटात एक नकाशा असेल बघ.’ तो सापडला, पण जुना झालेला. वाळवीनं एक कोपरा खाल्लेला. वसतिगृह अजूनही नाही. लांबच्या मुली गावात खोल्या घेऊन राहतात. ज्यांना भाडं परवडत नाही, त्या येतच नाहीत. मी म्हटलं, ‘नवा नकाशा करून घे. पावतीपुस्तक छाप. मी येते बरोबर.’

पहिलं दुकान मी मुद्दाम तेच निवडलं. कापडबाजारातलं. शेठजी वारले होते, गादीवर मुलगा होता. तोही पन्नाशीच्या पुढचा. त्यानं उठून नमस्कार केला, चहा मागवला. मी काम सांगितलं. सांगताना घशाला कोरड पडली होती, ते लपवत नाही.

तो थोडा वेळ थांबला. मग म्हणाला, ‘मॅडम, तेव्हा तुमचं पत्र आलं होतं. मी इथेच बसलो होतो. बाबा म्हणाले, पत्राला पाचशे एक पुरे. बाई स्वतः आल्या असत्या तर दोन खोल्या आजीच्या नावानं बांधून दिल्या असत्या. माझी आजी शिकली नव्हती ना.’

अण्णाही आता हयात नाहीत. मी कुणापाशी बोलणार?

मुलानं एका खोलीचे पैसे दिले. त्यानंतरच्या दुकानात आम्हाला तासभर बाकावर बसवून ठेवलं आणि मग मालक मागच्या दारानं निघून गेल्याचा निरोप आला. मी निरोप देणाऱ्या मुनीमजींचे वेळ दिल्याबद्दल आभार मानले. ते गोंधळले. बाहेर आल्यावर प्राचार्य रागावून म्हणाली, ‘मॅडम, आभार कसले?’ मी तिला रस्त्यातच रुमालातल्या पाच डॉलरची गोष्ट सांगितली.

एक दार उरलं होतं आणि तिथे मला वर्गणी मागायची नव्हती. गणितातल्या त्या मुलीचं सासर मी शोधून काढलं. वीस किलोमीटरवरचं गाव. ती अंगणात तूर पाखडत होती. केस पिकायला लागलेले. मला पाहून सूप बाजूला ठेवून पाया पडली. चहा झाला. मी तिला सगळं सांगितलं. खजिनदार न्यायला आले होते, मी गेले नाही, गेले असते तर कदाचित तुला खोली मिळाली असती. माफी मागण्याचे शब्द मी वाटेत जुळवले होते. ते तोंडातच राहिले, कारण तिनं मध्येच विचारलं, ‘मॅडम, माझी पोरगी यंदा बारावीला आहे. खोल्या कधी होतील?’

तिच्या स्वरात राग नव्हता. मोठेपणानं क्षमा केल्याचा आवही नव्हता. एका आईनं तारीख विचारली होती.

मी तिला तारीख देऊ शकले नाही. खोल्या होईस्तोवर तिच्या मुलीनं माझ्याकडे राहायचं, एवढं मात्र आम्ही त्याच अंगणात ठरवलं. आता ती माझ्या मागच्या खोलीत असते. गणित तिला आईसारखंच येतं. भाजी मात्र करता येत नाही, ती मी शिकवते आहे.

बारा खोल्यांपैकी सातांचे पैसे जमले आहेत. सहा खोल्यांच्या भिंती वर आल्या आहेत. पाच खोल्या अजून कागदावर आहेत. गुडघे कुरकुर करतात, कापडबाजाराचा जिना चढताना दम लागतो. पण सोमवारी अडत्यांच्या बाजारात जायचं आहे. सोयाबीनचा हंगाम आहे, लोक गादीवर भेटतील. पावतीपुस्तक पिशवीत ठेवलं आहे. पिशवीत एक धुतलेला रुमालही असतो. चेक देणारे चेक देतात, पण कुणी चिल्लर दिली तर ती बांधायला काहीतरी हवं.